अपील गैरहजेरीत काढून टाकलं? 30 दिवस मोजा

सुनावणीला अपीलदार आणि त्याचा वकील दोघंही हजर नसतील तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 17 खाली अपील काढून टाकता येतं. बरेच जण मग थेट वरच्या कोर्टात दुसरं अपील करायला धावतात. तो रस्ता चुकीचा, कारण दुसरं अपील हुकूमनाम्यावर (पक्षकारांच्या हक्कांचा निकाल लावणारा निर्णय) चालतं आणि असा हुकूम म्हणजे हुकूमनामा नव्हे.

1. त्याच कोर्टात नियम 19 खाली अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा अर्ज द्या. मुदत काढून टाकल्याच्या तारखेपासून 30 दिवस. हुकूम कळल्यापासून नव्हे.
2. हुकमाची आणि रोजनाम्याची (कोर्टातल्या रोजच्या कामकाजाची नोंद) नक्कल लगेच मागा.
3. शपथपत्रात त्या दिवसाचं नेमकं कारण लिहा. ‘तब्येत बरी नव्हती’ एवढ्यावर भागत नाही. दवाखान्याचा कागद किंवा वकील दुसऱ्या कोर्टात असल्यास तिथला रोजनामा जोडा.
4. मुदत टळली असेल तर मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंबमाफीचा वेगळा अर्ज द्या.

हा अर्ज फेटाळला तर मात्र त्यावर अपील चालतं, आदेश 43 खाली.

आणि अपील गेलं की खालच्या कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीवर मिळालेली स्थगितीही जाते. समोरचा दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) पुढे रेटू शकतो, म्हणून स्थगितीचा अर्ज त्याच दिवशी जोडीला द्या.