जब्बार पटेलांचे सिनेमे बघायचेत? मग आधी हे दोन लागोपाठ बघा

जब्बार पटेलांचे सिनेमे बघायचे म्हणून बरेच जण डायरेक्ट 'सिंहासन' लावतात आणि अर्ध्या तासात गोंधळतात, कारण त्यात मंत्री, कामगार पुढारी, स्मगलर, पत्रकार सगळे एकदम अंगावर येतात. म्हणून आधी 'सामना' बघा. पात्रं कमी, गाव एक, साखर कारखान्याच्या जोरावर मोठा झालेला हिंदुराव म्हणजे निळू फुले आणि दारूत बुडालेला मास्तर म्हणजे श्रीराम लागू. हिंदुराव मास्तरला घरी ठेवून घेतो, सगळी बडदास्त ठेवतो, आणि हाच मास्तर मारुती कांबळे नावाच्या माणसाचं नेमकं काय झालं हे विचारायला लागतो. फक्त एक प्रश्न, पण तो ऐकला की हिंदुरावाचा चेहरा कसा बदलत जातो ते बघा, मोबाईल बाजूला ठेवून बघा. १९७५ ला हा सिनेमा बर्लिन महोत्सवात गेला होता.

मग दुसऱ्याच दिवशी 'सिंहासन', १९७९ चा. आता गंमत बघा, इथे निळूभाऊ पत्रकार दिगू टिपणीस झालेत आणि लागू मुख्यमंत्र्यांच्या खुर्चीवर डोळा ठेवून बसलेले अर्थमंत्री दाभाडे, म्हणजे तिथे प्रश्न विचारणारा इथे खुर्चीमागे आणि तिथला सत्ताधीश इथे नुसता बघत बसलेला! दोन्हीची पटकथा विजय तेंडुलकरांची. लागोपाठ बघितलं की हे जाणवतं, मध्ये महिना गेला की निसटतं. कोण कुठल्या गटाचा हे नाही कळलं तरी चालेल, तुम्ही फक्त दिगूला धरून राहा, तो कोणाकडे जातो, काय ऐकतो आणि त्यातलं किती छापू शकतो, आणि शेवटचं त्याचं हसणं अजिबात चुकवू नका, मला तर ते दरवेळी आतून हलवतं.

'जैत रे जैत' अधेमधे कधीही बघा, ना. धों. महानोरांच्या गाण्यांसाठी तरी बघाच. 'मुक्ता' जातीच्या प्रश्नावर आहे, तो आंबेडकरांवरच्या सिनेमाच्या आधी बघितलेला बरा. आंबेडकरांचा मोठा आहे, दोन बैठकांत बघितला तरी हरकत नाही, आणि मामुट्टीला त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळालाय तो उगाच नाही.

'उंबरठा' मात्र शेवटी ठेवा. १९८२ चा, स्मिता पाटील. महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून आलेली सुलभा तिथला कारभार सुधारायला जाते आणि कमिटीशी तिचं वाजतं, आणि तिकडे घरही हातातून सुटत जातं. इथे प्रश्न विचारणारी बाई स्वतःच त्या व्यवस्थेत नोकरीला आहे, म्हणून हा जास्त टोचतो. याचंच हिंदी रूप 'सुबह' आहे, पण तुम्ही मराठीच घ्या, आणि तो बघितल्यावर त्या रात्री दुसरं काही लावू नका.