बहात्तरच्या दुष्काळावर माहितीपट करताना : मुलाखत कशी घ्यावी

वर्तमानपत्रात असताना दोन वाक्यं मिळाली की मी वही बंद करायची. १९७२ च्या दुष्काळावर माहितीपट करायला घेतला तेव्हा आधी ही सवय मोडावी लागली. आपल्या तालुक्याचा राजकीय इतिहास चित्रित करू पाहणाऱ्यांसाठी हे लिहितेय.

आधी कागद वाचा. विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागे यांची रोजगार हमीची कल्पना, १९७७ चा कायदा, २६ जानेवारी १९७९ पासून त्याची अंमलबजावणी, एवढं पाठ हवं. जुन्या दैनिकांच्या फायली चाळताना पाझर तलाव, बांध, रस्ते यांची गाववार यादी करा. मुलाखतीत त्या तलावाचं नाव घेतलं की माणूस सावरून बसतो.

पहिल्या भेटीला कॅमेरा नेऊ नका. आष्टी तालुक्यातल्या एका आजींना मी विचारलं, "दुष्काळ किती भीषण होता?" "लई वाईट दिस हुते, बाई." संपलं. चूक प्रश्नाची होती. दुसऱ्या दिवशी विचारलं, "आजी, खडी फोडायला बसायचात कशा?" आजी ओट्यावरून खाली उतरल्या. एक पाय दुमडला, एक पसरला. "चिंध्यांचं कडं करायचं, त्यात दगूड धरायचा, म्हंजी उडत न्हाई." नसलेला हातोडा उचलून त्या ठोकत राहिल्या आणि ठोकता ठोकता मुकादम आला, हजेरी आली, कामावर वाटायचा कोरडा पौष्टिक खाऊ, ती सुकडी आली, थापताना चिरणारी मिलोची, म्हणजे परदेशातून आलेल्या लाल ज्वारीची, भाकरी आली. मत विचारू नका, हातांचं काम विचारा.

आवाजाची काळजी चित्राहून जास्त घ्या. पंखा, फ्रीज, बोअरची मोटर बंद करायला सांगा. कॉलर माईकवर पदर घासतो. सुनेला सांगून तो नीट लावून घ्या. निघण्यापूर्वी त्याच खोलीतली मिनिटभर शांतता रेकॉर्ड करा, संकलनात जोड झाकायला लागते. त्याच रात्री दोन हार्ड डिस्कवर प्रती.

साल विचारलं तर बहुतेक जण चुकतात. "थोरला तेव्हा चालत होता का?" असं विचारा, मग फायलींशी ताडून पाहा. मजुरीचा आकडा दोघांनी वेगळा सांगितला तर दोन्ही ठेवा.

संमती दोनदा घ्या, चित्रीकरणाआधी आणि कापलेला भाग दाखवल्यावर. म्हाताऱ्या माणसांना आपण काय बोलून गेलो ते पाहायचा हक्क आहे. यात मी तडजोड करत नाही.

राजकारणाचा प्रश्न शेवटी ठेवा आणि साधा ठेवा. मी विचारलं, "कामावर पाण्याचे रांजण किती होते?"

"दोन."

आजी पुढे काही बोलल्या नाहीत. पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिल्या. मी कॅमेरा चालू ठेवला. संकलक म्हणाला, इथे काहीच घडत नाही, कापू या. ते सव्वा मिनिट मी तसंच ठेवलंय.