'पुरावा बंद' झाला, तो असा उघडला

न्यायालयाच्या रोजनाम्यात (तारखांच्या कामकाजाच्या नोंदीत) 'वादीचा पुरावा बंद' अशी ओळ पडली होती आणि दावा युक्तिवादाला लागला होता. पुरावा पुन्हा उघडावा म्हणून वादीतर्फे अर्ज दिला. अशा अर्जात पहिला प्रश्न तरतुदीचा. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 18 नियम 17 (साक्षीदाराला परत बोलावण्याचा) एकटा टाकला की अर्ज लटकतो. तो नियम न्यायालयाला स्वतःची शंका फेडायला आहे, पक्षकाराच्या फटी बुजवायला नाही. नियम 17-अ (आधी देता न आलेला पुरावा नंतर देण्याचा) तर 2002 पासून नाहीच, तरी जुन्या नमुन्यांत अजून भेटतो! आधार घेतला कलम 151 चा, म्हणजे न्यायालयाच्या अंगभूत अधिकारांचा. वेलुसामी वि. पलानिसामी (2011) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो मान्य केला आहे, पण जपून वापरायच्या अटीवर.

नुसते 'आजारपणामुळे' लिहून भागत नाही. कोणत्या तारखेला कोण, का गैरहजर, हे प्रतिज्ञापत्रात घेतले, डिस्चार्ज कार्ड जोडले. खरी मदत झाली ती साक्षीदाराचे सरतपासाचे (त्याच्या मूळ जबानीचे) प्रतिज्ञापत्र अर्जासोबतच दाखल केल्याची. मग वेळकाढूपणाचा आक्षेप लुळा पडतो. वादीची नवी कागदपत्रे असतील तर आदेश 7 नियम 14(3) ची परवानगी वेगळी मागावी.

अर्ज खर्चासह मंजूर झाला. खर्च कलम 35-ब खालचा (विलंबाबद्दलचा) असेल तर पुढच्याच तारखेला भरून पुरसिस (तसे कळवणारे लेखी निवेदन) द्यावी; नाहीतर वादीला दावा पुढे चालवता येत नाही.