सायटिका झालाय? मोजे घालण्यापासून सुरुवात करू

पाय दुखतोय म्हणून मी तीन आठवडे पायालाच बाम चोळत बसलो होतो, पोटरीला पट्टा बांधला, दाबून घेतलं, आणि मूळ भानगड निघाली कमरेत! सायटिकात हीच गंमत असते, दुखतं एकीकडे आणि बिघाड दुसरीकडे.

कमरेच्या खालच्या मणक्यांमधून निघणाऱ्या नसा एकत्र येऊन एक जाडजूड नस होते, अंगातली सगळ्यात जाड, बोटाएवढी. ती कुल्ल्यातून मांडीच्या मागून उतरते आणि तिचे फाटे थेट पावलापर्यंत जातात. वर मणक्यापाशी तिच्या मुळावर दाब आला किंवा तिथे सूज आली की कळ खाली पायात येते, हाच सायटिका. बहुतेक वेळा दोन मणक्यांमधली गादी बाहेर आलेली असते. उतारवयात नसेची वाटच अरुंद झालेली असते, त्या लोकांना चालताना त्रास होतो आणि पुढे वाकलं किंवा बसलं की बरं वाटतं. गादीवाल्यांचं बरोब्बर उलटं, बसलं की मेलो.

साधी कंबरदुखी आणि हे यातला फरक कसा ओळखायचा? कळ सहसा एकाच पायात असते, गुडघ्याच्या खाली जाते, शॉक बसल्यासारखी, सोबत मुंग्या किंवा बधिरपणा, आणि खोकला-शिंक आली की डोळ्यांसमोर काजवे. कळ कुठून कुठे जाते ते बोटाने रेघ ओढून बघा. पोटरीच्या बाहेरून पायाच्या अंगठ्याकडे गेली तर बहुधा नसेचं एक मूळ दाबलं गेलंय, मागून टाचेकडे आणि करंगळीकडे गेली तर त्याच्या खालचं. डॉक्टरांना "पाय दुखतो" सांगण्यापेक्षा ही रेघ दाखवा, फार कामाला येते. मग टाचांवर चार पावलं चालून बघा, नंतर चवड्यांवर. नुसतं दुखलं तर ठीक, पण पाऊल उचललंच जात नसेल तर थांबू नका, लगेच दाखवा.

आणि जांघेत, शी-शूच्या जागेभोवती बधिर वाटायला लागलं, लघवी अडली किंवा कळेनाशी झाली, संडासवर ताबा राहिला नाही, दोन्ही पाय गळाले, तर रात्रीचे दोन वाजले असले तरी हॉस्पिटल गाठायचं. सकाळची वाट बघायची नाही.

आता रोजचं. अंथरुणातून सरळ उठून बसू नका, कुशीवर वळा, पाय खाली सोडा आणि हाताने रेटा देऊन उठा. शिंक येतेय वाटलं की उभं राहून भिंतीला हात टेकायचा, कंबर किंचित मागे. मागच्या खिशातलं पाकीट काढून टाका. कुशीवर झोपताना गुडघ्यांमध्ये उशी. आणि मोजे, सगळ्यात अपमानास्पद प्रकार, वाकून पायापर्यंत हातच पोचत नाही. मी पलंगावर पाठीवर पडून गुडघा जवळ घ्यायचो आणि मोजा चढवायचो, पहिल्या दिवशी घामाघूम झालो पण जमलं.

पडून राहणं एखाद-दोन दिवस ठीक, त्यापेक्षा जास्त नको, अंग अजूनच आखडतं. थोडं थोडं चालत राहा. व्यायाम मात्र व्हिडिओ बघून करू नका, कारण पुढे वाकण्याचा जो व्यायाम एकाला आराम देतो तोच दुसऱ्याची आग भडकवतो. फिजिओने मला एक खूण सांगितली होती, कळ पावलातून वर सरकत कमरेकडे यायला लागली तर ते चांगलं लक्षण, मग कंबर थोडी जास्त दुखली तरी चालेल. खाली खाली जायला लागली तर तो व्यायाम बंद.

एमआरआयची घाई सगळ्यांनाच नसते. काहीही दुखत नसलेल्या माणसांच्या रिपोर्टातही गादी फुगलेली दिसते, त्यामुळे "गॅप आलाय" ऐकून हातपाय गाळू नका. बऱ्याच जणांचं 6 ते 12 आठवड्यांत ओसरतं, बाहेर आलेली गादी कधीकधी आपोआप विरघळतेसुद्धा. इंजेक्शन, ऑपरेशन हे त्यानंतरचे विषय, पायातली ताकद जात असेल तर गोष्ट वेगळी.

खरा वैताग माणसांचा. प्लास्टर नाही, सूज नाही, त्यामुळे तुम्ही मीटिंगमध्ये मध्येच उठून उभे राहिलात की लोकांना वाटतं नाटकं करतोय. रात्री झोप नाही, दिवसा चिडचिड, ती निघते घरच्यांवर. "खूप दुखतंय" म्हणून कुणाला काही कळत नाही हो, आकडा सांगा: मी 20 मिनिटं बसू शकतो, नंतर 5 मिनिटं चालावं लागतं. हे सांगितल्यापासून बायकोनेच मोबाइलवर टायमर लावायला सुरुवात केली, तो वाजला की जेवता जेवतासुद्धा मला उठवायची.

माझी कळ दहाव्या आठवड्यात गेली. करंगळी मात्र अजून थोडी बधिर आहे, चप्पल त्या बाजूने निसटली तर कळत नाही.