जुनं फुटेज: प्रत एकाकडे, हक्क दुसऱ्याकडे

माहितीपटासाठी जुनं फुटेज मिळवायला निघालेले नवखे लोक बहुतेक एकाच जागी फसतात. ज्याच्याकडे प्रत, त्याचाच हक्क असं ते धरून चालतात. यूट्यूबवर ज्यानं क्लिप चढवली, त्याची परवानगी सहसा काहीच कामाची नसते.

समजा, विषय १२ जुलै १९६१ चा पानशेतचा पूर आहे. जुन्या इंग्रजी सूचींमध्ये 'पुणे' शोधून हाती काही लागणार नाही, 'पूना' टाका. खडकवासल्याचं स्पेलिंग तीन-चार तऱ्हांनी करून बघा. सरकारी माहितीपट आणि वार्तापट (न्यूजरील) काढणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आता एनएफडीसी म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाखाली आहेत, चौकशी तिथून सुरू करा. मग ब्रिटिश पाथे हा जुन्या वार्तापटांचा संग्रह आणि एपी (असोसिएटेड प्रेस) ही वृत्तसंस्था.

क्लिप सापडली की तिच्या नावावर विसंबू नका. पुराचं पाणी सगळीकडे सारखंच दिसतं. फ्रेम थांबवून पूल, घाट, दुकानांच्या पाट्या बघा. पाटी गुजराती निघाली, तर ते पुणं असण्याची शक्यता कमीच. ज्यांची घरं त्या पाण्यात गेली, त्यांना दुसऱ्याच गावचा पूर दाखवणं हा अन्याय आहे.

आता हक्क. आपल्या १९५७ च्या कायद्यानुसार चित्रफीत प्रकाशित झाली त्याच्या पुढच्या १ जानेवारीपासून ६० वर्षं मोजायची. म्हणजे १९६१ साली दाखवलेल्या वार्तापटाचा कॉपीराइट ३१ डिसेंबर २०२१ ला संपला. पण कधीच न दाखवलेल्या रशेसना, म्हणजे कच्च्या चित्रीकरणाला, हा हिशेब लागू नाही. पार्श्वसंगीताचा हक्कही वेगळा असतो, तो संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो. शिवाय हक्क संपला तरी संग्रहालय प्रत काढून देण्याचे पैसे घेतंच.

करारात प्रदेश, मुदत आणि माध्यम ही तीन कलमं नीट वाचा. दर सेकंदावर किंवा मिनिटावर असतो, पण किमान आकारणी बऱ्याचदा ३० सेकंदांची असते. तुम्ही ८ सेकंद वापरा, पैसे ३० चे. फक्त महोत्सवांपुरता परवाना घेतला आणि पुढे फिल्म ओटीटीवर गेली, की पुन्हा मोजावे लागतात, तेही घासाघीस करायची सोय नसताना. म्हणून पहिल्याच पत्रात दोन्हींचे दर मागून ठेवा.

एडिटला आधी वॉटरमार्क आणि टाइमकोड (फ्रेमची वेळ सांगणारे आकडे) छापलेली हलकी प्रत येते. तो टाइमकोड क्रॉप करू नका, फाइलचं नाव बदलू नका. तक्त्यात संग्रहाचा कोड, इन-आउट (तुकडा कुठे सुरू, कुठे संपतो), वापरलेले सेकंद, दर आणि परवान्याची स्थिती रोज भरा. पिक्चर लॉक झाल्यावरच, म्हणजे कट पक्के झाल्यावरच, मास्टर (पूर्ण दर्जाची, वॉटरमार्क नसलेली प्रत) मागवा, दोन्ही टोकांना एकेक सेकंद जास्तीचा धरून. जुनी टेलिसिने प्रत (फिल्मवरून व्हिडिओवर उतरवलेली) सेकंदाला २५ फ्रेमची आणि नवा स्कॅन २४ चा निघाला, तर मिनिटामागे सुमारे अडीच सेकंदांचा फरक पडतो आणि सगळे कट सरकतात. मास्टर आल्या दिवशीच टाइमलाइनवर चढवून पहिली आणि शेवटची फ्रेम ताडून बघा.