बारा कॅमेऱ्यांत घोड्याची दौड

जून १८७८ मध्ये छायाचित्रकार एडवर्ड मायब्रिज यांनी कॅलिफोर्नियातल्या पालो आल्टोच्या धावपट्टीलगत १२ कॅमेरे २७-२७ इंचांवर मांडले आणि सॅली गार्डनर ही घोडी त्यांच्यासमोरून दौडवली. तीच मांडणी आज करायची तर आधी हिशेब शटरचा, म्हणजे कॅमेऱ्यात क्षणभर प्रकाश सोडणाऱ्या झडपेचा.

भरधाव घोडा सेकंदाला साधारण १६ मीटर कापतो. १/१००० सेकंदात धड १६ मिलिमीटर सरकतं. पुढे झेपावणारा खूर मात्र जवळजवळ दुप्पट. धड रेखीव आणि खुराचा नुसता फराटा दिसला, तर फोकस तपासत बसू नका; शटर १/२००० किंवा त्याहून वेगवान करा. मायब्रिज यांच्या ओल्या कलोडियनच्या (रासायनिक थर ओला असतानाच फोटो घ्यायच्या) काचांना एवढ्या वेळात प्रकाश पुरत नसे, म्हणून मागे पांढरी पार्श्वभूमी होती. घोडी सावलीसारखी उमटली, पण पायांचा क्रम कळायला तेवढं पुरतं.

कॅमेरे एकाच मॉडेलचे, ६९ सेंटिमीटरवर, धावपट्टीला काटकोनात ठेवा. बारांत साडेसात मीटर भरतात, म्हणजे दौडीचं एक आवर्तन, चारही पाय एकेकदा टेकून होण्याचा फेरा, येतं. फोकस हाताने लावा. ऑटोफोकसमुळे शटर १० मिलिसेकंद उशिरा सुटलं, तरी घोडा १६ सेंटिमीटर पुढे गेलेला असतो.

मायब्रिज यांनी वाटेत आडवे दोरे बांधले होते. घोडीची छाती लागली की शटर सुटे. आज इन्फ्रारेड सेन्सर लावा. दोऱ्याला जनावर बुजतं, चाल बदलते, आणि मग आपण बुजलेल्या घोड्याचाच अभ्यास करत बसतो. सेन्सर छातीच्या उंचीवर हवा. गुडघ्याजवळ लावला तर कधी पाय आधी ओलांडतो, कधी नाही, आणि अंतरं विस्कटतात. एकदा सुटलेला सेन्सर पुन्हा सुटणार नाही असं बघा.

घोड्यामागच्या पडद्यावर रेघा आखून त्यांवरून अंतरं मोजत असाल तर सांभाळा. कॅमेऱ्यापासून घोडा १० मीटर आणि पडदा १२ मीटरवर असेल, तर मापं २० टक्के जास्त येतात. घोडा जिथून जाणार त्या रेषेत मोजपट्टी धरून आधी एक फोटो काढून ठेवा.

फसगत होते ती वेळेची. ही मालिका समान अंतरांची असते, समान वेळांची नव्हे. घोडा मंदावला तरी फोटोंवरून कळत नाही. खूर किती वेळ टेकला हे हवं असेल तर कॅमेरे घड्याळाच्या ठोक्यावर सोडा. फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ एतियन-ज्यूल मारे यांची १८८२ ची छायाचित्र-बंदूक, म्हणजे बंदुकीच्या आकाराचा कॅमेरा, असंच, ठरल्या वेगाने, सेकंदाला १२ चित्रं घेत असे.

आणि चारही खूर अधांतरी असलेली चौकट शोधताना ताणलेले पाय शोधू नका. ते पोटाखाली गोळा झालेले असतात.