गुऱ्हाळावर शूटिंग : वाफ, धग आणि इंजिनाचा आवाज

कराड-शिराळा भागात दिवाळीनंतर गुऱ्हाळं पेटतात. माहितीपट आणि प्रयोगपट यांच्या मधलं काही करायचं असेल तर जागा उत्तम, पण कॅमेऱ्याचे हाल होतात.

पहाटेचा गार कॅमेरा थेट काहिलीजवळ (रस उकळायची मोठी कढई) नेला की लेन्सवर दव धरतं. आधी पंधरा-वीस मिनिटं तो बॅगेतच शेडमध्ये ठेवा. पुढे साधा यूव्ही फिल्टर लावा. रसाचे शिंतोडे चिकट असतात, कोरड्या फडक्याने पुसलं तर पसरतात. आधी ओलसर, मग कोरडं.

सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूब लुकलुकत नाही. स्वस्त एलईडी तरीही लुकलुकू शकतो, तेव्हा आधी दहा सेकंदांचा नमुना घेऊन बघा. व्हाइट बॅलन्स (प्रकाशानुसार रंग जुळवायची सेटिंग) ऑटोवर नको: चुलवाणाचा जाळ भडकला की रंग मध्येच सरकतो आणि तो जोड एडिटिंगला लपत नाही. एक्स्पोजर जाळावर धरा, माणसं सावलीत गेली तर जाऊ द्या.

खरी कसोटी आवाजाची. चरकाचं (ऊस पिळायच्या यंत्राचं) इंजिन चालू असताना गुळव्याची, म्हणजे गूळ करणाऱ्याची, मुलाखत घेऊच नका. काम थांबल्यावर त्याच्याशी बोला, माईक छातीशी, हनुवटीच्या वीतभर खाली. इंजिन, रसाची उकळी, साच्यात पडणारा गूळ हे वेगवेगळे, प्रत्येकी दोन मिनिटं, रेकॉर्डरच्या ४८ किलोहर्ट्झ-२४ बिट सेटिंगवर घ्या. मीटरवर आवाजाची पातळी -१२ डेसिबलच्या आसपास. मग पडदा काळा ठेवून नुसती उकळी ऐकवायची मोकळीक राहते.